बंद पडलेल्या संवादाचे दप्तर

मा. कुलगुरू, शिवाजी विद्यापीठ, कोल्हापूर यांस,


याहू मेसेंजर १७ जुलै २०१८ रोजी आणि स्काइप ५ मे २०२५ रोजी बंद झाले. ज्या घरांतील मुले शिक्षणासाठी वा नोकरीसाठी परदेशी गेली, त्यांचा बराच घरगुती पत्रव्यवहार अशा प्रोग्रॅममधूनच झालेला असल्याने ही केवळ कंपन्यांची अंतर्गत बाब राहत नाही. पेजमेकर हा पानजुळणीचा प्रोग्रॅम जुन्या संगणकावर आजही चालतो, कारण त्याचे सारे काम त्याच यंत्रात पुरे होते; चॅटच्या प्रोग्रॅमला मात्र सर्व्हर, म्हणजे निरोपांची ने-आण करणारा कंपनीचा संगणक, लागतो आणि तो थांबला की खिडकी उघडते, पण लॉगिन होत नाही. एमएसएन मेसेंजर या अशाच बंद पडलेल्या प्रोग्रॅमसाठी स्वयंसेवकांनी एस्कार्गो हा पर्यायी सर्व्हर उभारला खरा, परंतु त्यातून प्रोग्रॅम जगतो, जुने बोलणे परत येत नाही.

ते बोलणे अनेकदा घरच्याच हार्ड डिस्कमध्ये पडून असते. स्काइपच्या जुन्या आवृत्त्या सारे संभाषण 'मेन डॉट डीबी' या एकाच फायलीत ठेवीत आणि प्रत्येक निरोपाची वेळ १ जानेवारी १९७० पासून उलटलेल्या सेकंदांत नोंदवीत. ही फाइल एसक्यूलाइट या खुल्या पद्धतीची असल्याने स्काइपवाचूनही उघडते. याहूच्या नोंदी वापरणाऱ्याच्या आयडीतील अक्षरांनी झाकलेल्या असतात, त्यामुळे आयडी ठाऊक असणारा माणूस हयात आहे तोवरच त्या सहज उलगडतात. करवीर संस्थानचे मोडी दप्तर वाचायला जाणकार लागतो, तसाच येथेही लागेल. शिवाय या संभाषणांतील रोमन अक्षरांत घाईने टंकलेली मराठी भाषाभ्यासकांना दुसरीकडे क्वचितच इतकी सलग सापडेल.

म्हणून विद्यापीठाने संगणकशास्त्र विभाग आणि ग्रंथालय यांच्याकडे संयुक्तपणे एक जुना संगणक सोपवावा. सुरक्षेच्या दुरुस्त्या न मिळणारा प्रोग्रॅम जाळ्यावर आणणे धोक्याचे असल्याने तो संगणक इंटरनेटपासून तोडलेला असावा. नागरिकांच्या फायली तेथे वाचून साध्या मजकुरात उतरवून द्याव्यात, आणि संभाषण दोघांचे असते हे ध्यानी घेऊन उभयतांच्या लेखी संमतीशिवाय त्याची प्रत ठेवू नये. घरोघरचे जुने संगणक भंगारवाल्याकडे चालले आहेत. तेव्हा हे काम पुढच्या शैक्षणिक वर्षावर न टाकता याच सत्रात हाती घ्यावे, ही विनंती.