पाहुणा शहराचा, भुर्दंड शेतकऱ्याला



कापसाच्या धुऱ्यावर, ज्वारीच्या वावरात आणि गावाच्या वेशीवर बारीक पांढऱ्या फुलांचे जे गवत माजते, त्याला कोणी गाजर गवत म्हणतो, कोणी काँग्रेस गवत, तर कोणी चटकचांदणी. नावे तीन, गुण एकही नाही. जनावर त्याला तोंड लावत नाही, आणि चुकून खाल्लेच तर दूध कडवट होते.

हे तण आपल्या बापजाद्यांच्या रानातले नाही. ते मेक्सिको आणि मध्य अमेरिकेकडचे. 1955 साली ते लोकांच्या नजरेत आले ते पुण्यात, शहरात. कोणा कोरडवाहू शेतकऱ्याच्या वावरात नव्हे. परदेशी गव्हाबरोबर त्याचे बी आले असे मानले जाते आणि बोट पीएल-480 कडे दाखवले जाते. पण शेतकऱ्याने आरोपही हिशेबाने करावा. पीएल-480 चा भारताशी पहिला करार ऑगस्ट 1956 मध्ये झाला, तण त्याआधीच दिसले होते. अमेरिकेचा गहू मात्र 1951 च्या कर्जापासून येत होता. बी कोणत्या पोत्यातून सांडले हे आज सिद्ध होणार नाही. एवढे मात्र खरे की आपण ते पेरले नाही, आणि निंदतो आपणच.

निंदते कोण? घरची बाई आणि रोजाने येणारी मजूर बाई. या तणात पार्थेनिन नावाचे द्रव्य असते. वर्ष-दोन वर्षे काही होत नाही. मग एके दिवशी पापण्या सुजतात, मानेवर आणि कोपराच्या खोबणीत खाज सुटते, कातडी जाड आणि काळी पडते. एकदा अंगाने हे द्रव्य ओळखले की पुढे थोडासा स्पर्शही पुरतो. परागामुळे कोणाला शिंका, तर कोणाला दमा. पुण्याच्या त्वचारोगतज्ज्ञांनी 1970 च्या दशकातच हे लिहून ठेवले आहे. डॉक्टर सांगतात, या तणापासून दूर राहा. शहरातला माणूस दूर राहू शकतो. निंदणाच्या मजुरीवर जिचे घर चालते, तिने कुठे जायचे?

आणि तरीही मधूनच कोणी सांगतो की गाजर गवत औषधी आहे, काढा करून घ्या. मेक्सिको आणि कॅरिबियन बेटांवर तापाला, आमांशाला, कातडीच्या विकारांना ते वापरले गेले हे खरे आहे. पण ती तिथली परंपरा. कशाला किती द्यायचे आणि कोणाला द्यायचे नाही, हे पिढ्यांनी ठरवलेले ज्ञान आपल्याकडे या झाडापुरते नाही. ज्या पार्थेनिनचा औषध म्हणून प्रयोगशाळांत अभ्यास झाला, तेच आपल्या बायांच्या अंगावर उठते. ते औषध ठरवायचे काम प्रयोगशाळेचे, आपल्या चुलीवरच्या पातेल्याचे नव्हे.

पिढ्यांनी ओळखलेले तण पाहायचे तर सह्याद्री उतरून रायगडच्या किनाऱ्याकडे बघा. अलिबाग, मुरूड, श्रीवर्धनकडे पहिल्या पावसानंतर रस्त्याच्या कडेला टाकळा उगवतो. विदर्भात त्यालाच आपण तरोटा म्हणतो. कोवळ्या पाल्याची भाजी होते, बी वाटून नायट्यावर लावतात. आयुर्वेदात त्याचे एक नावच दद्रुघ्न, म्हणजे नायटा घालवणारा. आणि हाच टाकळा दाट वाढला की गाजर गवताला वर येऊ देत नाही. तण शास्त्रज्ञही त्याची शिफारस करतात. एक खाज आणणारे, दुसरे खाजेवरचे, आणि दुसऱ्याने पहिल्याला दाबायचे. असा उपाय फुकट मिळत असताना तो हातचा घालवू नये.

तेव्हा दिवाळीच्या सुमारास तरोट्याच्या शेंगा वाळल्या की बी गोळा करावे आणि पावसाच्या तोंडावर गावठाण, गायरान आणि रस्त्याच्या कडेला फेकावे. वावरात नको, पिकात तोही तणच आहे. गाजर गवत उपटायचे ते फुलोऱ्याआधी, जमीन ओली असताना, हातात मोजे आणि अंगभर कपडे घालून. एक झाड दहा ते पंचवीस हजार बिया टाकते, म्हणून फुलानंतर उपटणे म्हणजे बी झटकणे. फुलाआधी उपटलेले शेण-मातीबरोबर खड्ड्यात कुजवले तर खत होते. मेक्सिकोहून आणलेले भुंगे 1984 पासून आपल्या देशात सोडले गेले. पावसाळ्यात ते पाने फस्त करतात. दिसले तर मारू नका.

कापूसवाल्यांनी आणखी एक ध्यानात घ्यावे. कापसावरचा पिठ्या ढेकूण या तणावर पोसला जातो. 2000 साली अनंतपूर जिल्ह्यात भुईमूग ज्या विषाणूने जाळला, तो या तणाच्या परागातून फुलकिड्यांबरोबर पसरतो आणि कापसालाही लागतो. म्हणजे धुऱ्यावरचे गवत हा नुसता कचरा नाही, ते किडीचे आणि रोगाचे घर आहे.

पण एका शेतकऱ्याने आपला धुरा साफ केला आणि पलीकडे सरकारी रस्ता, कालवा, रेल्वेची हद्द, बाजार समितीचे आवार तसेच माजलेले राहिले, तर पुढच्या मृगात पुन्हा तेच. कर्नाटकाने 1975 सालीच या तणाला कायद्याने उपद्रवी ठरवले. दरवर्षी 16 ते 22 ऑगस्ट हा गाजर गवत जागृतीचा सप्ताह पाळला जातो. फलक लागतात, फोटो निघतात. आपल्याला फोटो नको, हद्दीचा हिशेब हवा.

या बैठकीत प्रत्येक गावाने एवढे ठरवून उठावे: आपली हद्द आपण फुलाआधी साफ करू, आणि ज्या खात्याची जमीन त्या खात्याने ती स्वतःच्या खर्चाने साफ करावी, असे लेखी मागू. आणि निंदायला येणाऱ्या बाईच्या हातात मोजे द्यायचे काम मात्र ठरावाची वाट पाहणार नाही. ते उद्या सकाळचे आहे.