ती गर्दी नव्हती, ती आपली माणसं होती

६ डिसेंबर जवळ आला की तीच चित्रफीत मोबाईलवर फिरू लागते. ७ डिसेंबर १९५६, राजगृहापासून दादर चौपाटीकडे निघालेली बाबासाहेबांची अंत्ययात्रा. नामदेवराव व्हटकर यांनी पदरमोड करून ती कॅमेऱ्यात टिपली, म्हणून ती आज आपल्याकडे आहे. हे ऋण आम्ही मानतोच. पण त्या चित्रफितीखाली आपणच काय लिहितो? 'अथांग जनसागर'. सागराला चेहरा नसतो, मित्रांनो. त्या माणसांना मात्र होता.

मागच्या वर्षी वस्तीतल्या विहारात आम्ही ती पडद्यावर लावली. एक आजी मध्येच उठून म्हणाल्या, "थांबव रे, मागं घे." तीनदा मागे घेतली. डोक्याला फडकं बांधलेला एक माणूस दोन सेकंद दिसतो. "आमचा थोरला दादा हाय त्यो. गिरणीत रातपाळी करून तसाच गेलता." तो खरंच त्यांचाच दादा होता का, हे आम्ही सिद्ध करू शकत नाही. पण सत्तर वर्षांत त्यांना कुणी विचारलंच नव्हतं, एवढं नक्की.

काही जण म्हणतील, लाखोंच्या गर्दीत कोण कुणाला ओळखणार? हा सवाल पुढाऱ्यांच्या फोटोबाबत कसा पडत नाही? तिथे डावीकडून उजवीकडे सगळी नावं छापून येतात. त्याच दिवशी चितेसमोर भदंत आनंद कौसल्यायन यांनी लोकांना धम्मदीक्षा दिली. भदंतांचं नाव इतिहासात आहे, ते असायलाच हवं. दीक्षा घेणाऱ्यांचं काय? रडत रडत धर्म बदलणारी ती माणसं कोणत्या गावची, कोणत्या चाळीतली होती?

विचारलं तर कळतं. आनंद पटवर्धन यांच्या १९८५ च्या 'हमारा शहर'मध्ये शाहीर विलास घोगरे स्वतः गाताना दिसतात. ११ जुलै १९९७ ला रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले आणि चार दिवसांनी घोगरेंनी आत्महत्या केली. 'जय भीम कॉम्रेड' तिथूनच सुरू झाला. पुढची चौदा वर्षं ते काम चाललं. त्यात रमाबाई नगरातली माणसं कॅमेऱ्यासमोर आपलं दुःख आपल्या तोंडाने सांगतात. पार्श्वभूमीला हलणारी डोकी म्हणून ती येत नाहीत. (पटवर्धनांशी आमचे मतभेद आहेत, ते पुन्हा कधीतरी.)

१९५६ साली दहा-बारा वर्षांची असलेली मुलं आज ऐंशी ओलांडून गेली आहेत. येत्या ६ डिसेंबरला शिवाजी पार्कवर आम्ही पुस्तकांच्या स्टॉलशेजारी एक टेबल मांडणार आहोत. लॅपटॉप, ती चित्रफीत आणि एक कोरी वही. घरातल्या म्हाताऱ्या माणसांना घेऊन या. त्यांचा चष्मा विसरू नका.