पोटासाठी केलेल्या भूमिका

मैत्रिणींनो, कोरियन मालिकांचं वेड एव्हाना तुमच्याही घरात शिरलं असेल. लेक बघत बसलेली असते, तुम्ही भाजी निवडता निवडता मान वर करता, आणि चार दिवसांनी तुम्हीच तिला विचारता, ‘‘अगं, त्या सासूचं पुढं काय झालं गं?’’ नायक-नायिकांची नावं मुलींना तोंडपाठ असतात. पण ती सासू, ती आई, ती घरातली म्हातारी मोलकरीण कोण, हे कुणाला विचारा, उत्तर मिळायचं नाही. म्हणून या खेपेला अशाच एका बाईंची ओळख करून देते. त्यांचं नाव युन यो-जोंग.

त्यांच्याकडे आडनाव आधी लावतात, आणि लग्नानंतर बाईचं आडनाव बदलत नाही. तेव्हा युन हे माहेरचं. सासर आलं आणि गेलं, आडनाव जागच्या जागी राहिलं. आपण त्यांना युनबाईच म्हणू या.

२५ एप्रिल २०२१ रोजी, वयाच्या ७३ व्या वर्षी, युनबाईंना सहाय्यक अभिनेत्रीचं ऑस्कर मिळालं. अभिनयाचं ऑस्कर मिळवणारी कोरियातली ही पहिलीच व्यक्ती, आणि आशियातली दुसरी स्त्री. (पहिल्या जपानच्या मियोशी उमेकी, १९५८ साली.) सगळीकडे एकच सूर लागला, ‘उशिरा का होईना, कष्टाचं चीज झालं.’ खरं सांगू? मला तो सूर काही रुचला नाही. चीज झालं म्हणताना मधल्या वर्षांवरून आपण हलकेच बोळा फिरवतो. आणि सांगण्यासारखं आहे ते सगळं त्या मधल्या वर्षांतच.

जन्म १९४७ चा, केसोंग गावचा. तेव्हा हे गाव दक्षिणेत होतं, युद्धानंतर ते उत्तर कोरियात गेलं. वडील लवकर वारले, आईनं वाढवलं. कॉलेजात असताना पैशांसाठी टीव्ही केंद्रात प्रेक्षकांना भेटवस्तू वाटायचं काम धरलं. तिथंच कुणीतरी सुचवलं म्हणून १९६६ मध्ये नटनट्यांच्या निवडीला बसल्या, निवडल्या गेल्या आणि कॉलेज सुटलं. कलेची ओढ, लहानपणापासूनचं स्वप्न वगैरे यात काही नाही. आपण अपघातानं या धंद्यात आलो, असं त्या स्वतःच सांगत आल्या आहेत.

पण आल्या त्या दणक्यात. १९७१ साली किम की-योंग या दिग्दर्शकानं त्यांना ‘ह्वान्यो’ या पहिल्या चित्रपटात घेतलं. खेड्यातून शहरातल्या घरी कामाला आलेली पोर, मालकाकडून नासवली गेलेली आणि मग त्या घराचाच घास घेणारी. देशात बक्षिसं मिळाली, स्पेनमधल्या सीजेसच्या महोत्सवात उत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळाला. त्याच वर्षी टीव्हीवर त्या जांग ही-बिन झाल्या. ही सतराव्या शतकातल्या राजाची रखेल. कारस्थानं करून राणीपदाला चढली आणि शेवटी राजाज्ञेनं विष घेऊन मेली. तिकडच्या इतिहासातली ही नामांकित दुष्ट बाई. युनबाईंनी ती अशी वठवली की रस्त्यात लोक शिव्या घालू लागले. शीतपेयाची एक जाहिरात होती, तीही हातची गेली. तेविशी-चोविशीतल्या मुलीला हे किती लागलं असेल! पण त्याचबरोबर नाव झालं, हेही खरं.

आणि मग लग्न. त्या काळच्या एका लोकप्रिय गायकाशी, १९७०च्या दशकाच्या मध्यावर. नवरा अमेरिकेला निघाला, त्याच्यामागून या फ्लोरिडाला गेल्या. दोन मुलगे झाले. देशभर गाजलेली नटी तिथं कुणाची तरी बायको, कुणाची तरी आई होऊन दहाएक वर्षं राहिली. यात जबरदस्ती होती असं नाही हं. लग्न झालं की नटीनं काम सोडायचं, हे इतकं गृहीत होतं की कुणी विचारलंसुद्धा नाही. १९८४ साली कुटुंब परत आलं, आणि १९८७ मध्ये घटस्फोट झाला. कारणं आपण चव्हाट्यावर मांडायला नकोत. दोन्ही मुलगे आईकडे राहिले, एवढं पुरे.

आता चाळिशीची बाई, पदरात दोन शाळकरी पोरं, हातात एकच कसब, आणि तेही दहा वर्षं गंजलेलं. त्यात भर म्हणजे लोकांचं म्हणणं, घटस्फोटित बाई टीव्हीवर कशाला हवी? ज्या लोकांनी खलनायिका म्हणून शिव्या दिल्या तेच आता खऱ्या आयुष्यावरून नाकं मुरडू लागले. त्यांचा घोगरा आवाजसुद्धा कानाला खुपायला लागला. सगळं सोडून पुन्हा फ्लोरिडाला जावं आणि किराणा दुकानात गल्ल्यावर बसावं, असा विचार त्यांनी केला होता. तासाला पावणेतीन डॉलर मिळाले असते.

त्या वेळी पाठीशी उभी राहिली एक मैत्रीण, लेखिका किम सू-ह्यॉन. (तुमच्या लेकी दचकतील. याच नावाचा एक देखणा नट आहे, तो निराळा!) कोरियाच्या कौटुंबिक मालिकांची खरी शिल्पकार हीच बाई. हिनं म्हणे युनबाईंना बजावलं, तुझ्यात गुण आहे, जाऊ नकोस. १९८५ साली ‘ओमी’ म्हणजे ‘आई’ या चित्रपटात युनबाई परत उभ्या राहिल्या, तोही किमबाईंनीच लिहिलेला. पण मुख्य भूमिका काय, वर्षा-दोन वर्षांत एखादी. दर महिन्याचा किराणा त्यावर भरत नाही. मग जे मिळेल ते. आईची, मावशीची, शेजारणीची, दोन वाक्यांची असली तरी भूमिका घ्यायची. काम लहान की मोठं हा प्रश्नच नव्हता. मुलांची फी भरायची होती.

आपल्याकडे अशा कामाला एक शब्द आहे, ‘पोटासाठी’. तो उच्चारताना आपला आवाज जरा खाली जातो. युनबाईंचा जात नाही. पैशांची गरज असते तेव्हाच नट सगळ्यात चांगलं काम करतो, असं त्यांनी बिनदिक्कत सांगितलं आहे.

त्या वर्षांतली एक मालिका मुद्दाम सांगते, कारण ती तुमच्या-माझ्या घरातलीच वाटेल. १९९१-९२ची ‘सारांगी म्वोगिल्ले’, म्हणजे ‘प्रेम म्हणजे असतं तरी काय’. लिहिणाऱ्या अर्थात किमबाई. एका घरात बाप म्हणेल ती पूर्व दिशा, बायकोनं मान वर करायची नाही. दुसरं घर मोकळं, मुलींना शिकवलेलं, बोलतं. पहिल्या घरचा मुलगा, दुसऱ्या घरची मुलगी. आणि गंमत अशी की दोघांच्या आया शाळेतल्या जुन्या मैत्रिणी! विहीणपणा आणि मैत्री एकाच धाग्यात गुंफलेली. युनबाई यात मुलीची आई. लेकीला शहाणं करून वाढवलं आणि आता ती कुठल्या घरात निघाली आहे हे दिसतंय, अशी आई. कोरियात रस्ते ओस पडायचे ही मालिका लागली की. १९९७ मध्ये ती चीनच्या सरकारी वाहिनीवर गेली, आणि कोरियन मालिकांची लाट देशाबाहेर पसरली त्यात पहिल्या काहींत हिचं नाव घेतात. आज तुमची लेक मोबाइलवर जे बघते त्याचा एक झरा इथला आहे.

दुसरी मालिका २०१२ची. इंग्रजीत तिचं नाव ‘माय हज्बंड गॉट अ फॅमिली’. नायिकेनं ठरवून अनाथ मुलाशी लग्न केलेलं, का, तर सासरची कटकट नको! आणि निघतं काय, समोरच राहणारं कुटुंबच त्याचं हरवलेलं घर. सासू, आजेसासू, नणंदा, सगळा गोतावळा एका रात्रीत दारात. युनबाई सासू. लहानपणी हरवलेला मुलगा परत मिळालेली आई, आणि त्याच वेळी सुनेच्या घराच्या किल्लीवर डोळा असलेली सासू. दोन्ही एकाच चेहऱ्यावर. ५८ भाग चालली ती.

आता चित्रपटांकडे वळू या. २००३ साली ‘अ गुड लॉयर्स वाइफ’ या चित्रपटातली सासूची भूमिका त्यांनी स्वीकारली. नवरा दारूपायी मरणपंथाला लागलेला असताना ही बाई मुलाला आणि सुनेला सांगते की आपलं एका जुन्या वर्गमित्राशी जमलं आहे. त्या वयाच्या दुसऱ्या नट्या अशा भूमिकेला हात लावायला धजल्या असत्या का, शंकाच आहे. यांनी का घेतली? तर घराच्या दुरुस्तीला पैसे हवे होते म्हणून. मला तर वाटतं, वीस वर्षं ‘नाही’ म्हणायची चैन परवडली नाही, म्हणूनच पुढं कशालाही घाबरायचं कारण उरलं नाही.

आणि २०१० मध्ये एक वर्तुळ पुरं झालं. त्यांचा पहिला चित्रपट म्हणजे किम की-योंगनं स्वतःच्याच १९६० सालच्या ‘हान्यो’ची, म्हणजे ‘मोलकरीण’ची, नव्यानं केलेली आवृत्ती होती. त्याच ‘हान्यो’वरून २०१० साली पुन्हा चित्रपट निघाला. १९७१ साली तरुण मोलकरीण झालेल्या युनबाई आता त्या घरातली म्हातारी मोलकरीण झाल्या. श्रीमंत घरात वर्षानुवर्षं राबलेली, मालकिणीपुढं वाकणारी, पाठ वळली की तोंड वाकडं करणारी, चहाड्या सांगणारी. तिचा मुलगा सरकारी वकील झालेला आहे. इतकी वर्षं काय काय गिळलं आणि कुणासाठी, हे त्या बाईंच्या नुसत्या चालण्यात दिसतं. त्या वर्षी कोरियातली सहाय्यक अभिनेत्रीची मोठमोठी बक्षिसं त्यांच्याकडे आली. चित्रपट प्रौढांसाठी आहे, पोराबाळांत बसून बघू नका.

साठी उलटल्यावर त्यांनी ठरवलं, आता आवडत्या माणसांबरोबरच काम करायचं, पैसे मिळोत न मिळोत. मुलं मार्गी लागली होती. ‘मिनारी’ त्यातूनच आला. अमेरिकेत वाढलेल्या ली आयझॅक चुंग या दिग्दर्शकाचा, त्याच्याच बालपणावरचा, बेताच्या खर्चाचा चित्रपट. ओक्लाहोमाच्या रणरणत्या उन्हात चित्रण झालं. त्या आजी, कोरियाहून मुलीकडे आलेली. येताना लाल तिखट, सुकी मासळी आणि मिनारीचं बी घेऊन येते. मिनारी म्हणजे ओढ्याकाठी, ओलाव्याला उगवणारी पालेभाजी. सूपमध्ये घालतात, किमचीत घालतात. आपली कोथिंबीर जरा उंच आणि दांडीची झाली तर कशी दिसेल, तशी साधारण. आणि ही आजी पत्ते कुटते, शिव्या देते, टीव्हीवर कुस्त्या बघते. नातू म्हणतो, ही काही खरी आजी नव्हे, हिला बिस्किटंसुद्धा करता येत नाहीत! तुमच्या आजीची नक्कल करू का, असं युनबाईंनी दिग्दर्शकाला आधीच विचारलं होतं. तो म्हणाला, नको. झालं, बाई मोकळ्या सुटल्या.

ऑस्करच्या मंचावर त्यांच्या हातात बक्षीस दिलं ते ब्रॅड पिटनं. चित्रपटाच्या निर्मितीतही त्याचा हात. आम्ही उन्हात काम करत होतो तेव्हा तू कुठं होतास, असं त्यांनी तिथंच विचारून टाकलं. मग आभार मानले ते दोन्ही मुलांचे. यांनी मला घराबाहेर काढून कामाला लावलं, आणि आई राबली त्याचं हे फळ, असं हसत हसत. नंतर कुणा बातमीदारानं विचारलं, पिटच्या अंगाला वास कसला येत होता? तर म्हणाल्या, मी हुंगलं नाही, मी काही कुत्रा नाही! हे सगळं इंग्रजीत. ते त्या शिकल्या होत्या फ्लोरिडात, संसार करता करता. वाया गेली म्हणतात त्या दहा वर्षांतलं हे एक मात्र गाठीला राहिलं.

त्यांचा एक खाण्यापिण्याचा कार्यक्रमही तिकडे गाजला, ‘युन्स किचन’. २०१७ मध्ये इंडोनेशियाच्या एका चिमुकल्या बेटावर, मग २०१८ मध्ये स्पेनच्या बेटावरच्या गावात, सत्तरीच्या बाईंनी छोटं हॉटेल चालवायचं. स्वयंपाकात त्या काही सुगरण नव्हेत. एकदम चार पानांची मागणी आली की धांदल उडते, घाम फुटतो. पण ताट पुसून, वरून तीळ भुरभुरून मगच बाहेर पाठवतात.

शेवटी, एकच काही बघायचं असेल तर २०२२ची ‘पाचिन्को’ बघा. कोरियातून जपानला येऊन पन्नासेक वर्षं झालेली सुंजा नावाची आजी. एका दुसऱ्या कोरियन म्हातारीच्या घरी ती जेवायला बसते. पहिला घास घेते आणि थांबते. हा तांदूळ इथला नाही, आपल्याकडचा आहे, हे तिला जिभेवर कळतं. बरोबर आलेल्या नातवाला काहीच फरक कळत नाही. त्या घासापाशी युनबाईंचा चेहरा बघा. संवाद फार नाहीत.