केशवराव भोसले : नट आणि मालक

9 ऑगस्ट ही संगीतसूर्य केशवराव भोसले यांची जयंती. 2024 साली या जयंतीच्या आदल्याच रात्री कोल्हापुरातले त्यांच्या नावाचे नाट्यगृह आगीत भस्मसात झाले. राजर्षी शाहू महाराजांनी 1915 मध्ये खासबाग मैदानाला लागून उभारलेले हे पॅलेस थिएटर. छप्पर कोसळले, रंगमंच जळाला, दगडी भिंती तेवढ्या उरल्या. त्या रात्री रस्त्यावर जमलेली माणसे घरातले कुणी गेल्यासारखी रडत होती. पुनर्बांधणी हाती घेतली गेली, ती मूळ रूपातच व्हावी हा कोल्हापूरकरांचा आग्रह रास्त आहे. पण केशवरावांचे नाव मिरवणाऱ्या वास्तूकडून मागायचे ते एवढ्यावर थांबत नाही.

1890 मध्ये कोल्हापुरात गरीब घरात जन्मलेला हा मुलगा लहानपणीच स्वदेशहितचिंतक नाटक मंडळीत दाखल झाला. देवलांच्या ‘शारदा’तल्या नायिकेच्या भूमिकेने त्याला नाव मिळवून दिले. ज्या वयात इतर मुले शाळेत पाढे म्हणत, त्या वयात म्हाताऱ्याच्या गळ्यात बांधल्या जाणाऱ्या मुलीचे दुःख तो भरल्या थिएटरपुढे गात होता. पुढे रामकृष्णबुवा वझे यांची तालीम मिळाली. बुलंद, चढा आवाज आणि तडफेची तान ही केशवरावांची ओळख झाली.

त्यांच्या गाण्याचे कौतुक आजही होते. त्यांनी कंपनी कशी चालवली, याची आठवण मात्र कमी निघते, आणि आमच्या मते त्यांची थोरवी तिथेच अधिक दिसते. 1 जानेवारी 1908 रोजी हुबळीत त्यांनी ‘ललितकलादर्श’ ही नाटक कंपनी काढली तेव्हा ते अवघे सतरा वर्षांचे होते. कंपनी म्हणजे मोठे बिऱ्हाड. नट, साथीदार, आचारी, कपडेपट आणि पडदे यांचे गाठोडे घेऊन गावोगाव फिरायचे आणि रोज एवढ्यांच्या पंगतीची सोय करायची. अशा मालकाने ‘सौभद्र’, ‘शारदा’ अशी हमखास गल्ला भरणारी नाटके आलटून पालटून लावली असती, तरी कुणी नावे ठेवली नसती. केशवरावांनी वीर वामनराव जोशी यांचे ‘राक्षसी महत्त्वाकांक्षा’ रंगमंचावर आणले, त्यात स्वतः मृणालिनी केली. हुंड्याच्या प्रश्नावरचे मामा वरेरकरांचे ‘हाच मुलाचा बाप’ 1916 मध्ये आणि ‘संन्याशाचा संसार’ 1919 मध्ये केले. पुराणातल्या राजाराण्यांवर पोसलेल्या प्रेक्षकासमोर त्याच्याच घरातला हुंडा मांडायचा, तोही पदांसकट, आणि तिकीट काढायला लावून त्याला तिथे बसवायचे, याला छाती लागते.

8 जुलै 1921 रोजी मुंबईत टिळक स्वराज्य फंडासाठी ‘मानापमान’ नाटकाचा ‘संयुक्त मानापमान’ हा प्रयोग झाला. नायिका भामिनी बालगंधर्व, नायक धैर्यधर केशवराव. दोन प्रतिस्पर्धी कंपन्यांचे मालक एकाच रंगमंचावर! एकीकडे लाडिक, रेशमी गायकी, दुसरीकडे रणात शोभावी अशी. नाटकही असे, की श्रीमंतीच्या तोऱ्यात असलेल्या मुलीला निर्धन सेनापतीच्या पराक्रमाची किंमत कळते. कुणी कुणाला मागे टाकले, याची चर्चा मराठी रसिक शंभर वर्षे करीत आहेत. आम्हाला मोलाचे वाटते ते हे, की दोघांनीही आपापल्या कंपनीची ईर्षा त्या रात्रीपुरती बाजूला ठेवली. त्यानंतर तीन महिनेही उलटले नाहीत, तोच 4 ऑक्टोबरला विषमज्वराने केशवरावांना नेले. वय एकतीस.

प्रमुख नट गेला की कंपनी बुडायची, हा त्या काळाचा रिवाज. ललितकलादर्श मात्र टिकली. बापूराव पेंढारकरांनी ती सांभाळली आणि वर्षभरात वरेरकरांचे ‘सत्तेचे गुलाम’ उभे केले. पुढे भालचंद्र पेंढारकरांनी ‘दुरितांचे तिमिर जावो’ आणि ‘पंडितराज जगन्नाथ’पर्यंत ती आणली. नव्या नाटककाराला दार उघडे ठेवण्याची सवय संस्थापकाने लावून ठेवली होती, म्हणून हे घडले.

तेव्हा केशवरावांच्या नावाचे हे नाट्यगृह पुन्हा उभे करून चालवणाऱ्यांकडे आमचे मागणे साधे आहे. लग्नसमारंभवजा कार्यक्रम आणि सत्कारसोहळे यांना तारखा देण्याआधी दर महिन्याचे काही दिवस नव्या संगीत नाटकासाठी राखून ठेवा, नाममात्र भाड्यात. सकाळी रिकाम्या असलेल्या रंगमंचावर गावातल्या होतकरू गायक नटांना ऑर्गन आणि तबल्यासह तालमी करू द्या. या तारखांचे वेळापत्रक पुढच्या वर्षाच्या आरक्षणाआधीच जाहीर करा.