मागच्या सीटवरच्या बाईला आधी कळतं

इचलकरंजीच्या एका भगिनीचं पत्र आलं आहे. त्या लिहितात, ‘‘आमची गाडी नऊ वर्षांची. पुढे हे आणि मामंजी, मागे मी, सासूबाई आणि दोन मुलं. गतिरोधक आला की सासूबाई कळवळतात, मुलीला मळमळतं. ह्यांना सांगितलं तर म्हणतात, मला काही जाणवत नाही, आपले रस्तेच तसे. शेवटी गॅरेजमध्ये नेली, तर त्यानं चारही शॉकअप आणि मागच्या स्प्रिंगा बदला म्हणून अठरा हजारांचा आकडा सांगितला. आता हे म्हणतात, त्यापेक्षा गाडीच काढून टाकू. मी काय समजू?’’

अहो, आधी गाडी काढू नका! आणि ‘ह्यां’च्यावर रागावूही नका. त्यांना जाणवत नाही म्हणतात ते खरंच असणार. छोट्या गाडीत चालवणारा बसतो पुढच्या आणि मागच्या चाकांच्या मधोमध. मागची सीट मात्र मागच्या चाकांच्या जवळजवळ डोक्यावरच असते. पुढच्या चाकांची कुरकुर स्टिअरिंगमधून हाताला कळते. मागच्या चाकांची खबर द्यायला तिथे बसलेल्या माणसाशिवाय दुसरं कोणी नाही. आणि आपल्या घरांतून मागे कोण बसतं हे काय मी तुम्हांला सांगायला हवं? तेव्हा मागचे शॉकअप गेल्याची पहिली वर्दी घरातल्या बाईकडूनच यायची, आणि पहिलं उत्तर ‘रस्ता खराब आहे’ हेच मिळायचं.

हे मी अनुभवानं सांगते आहे. दोन वर्षांपूर्वी पावसाळ्यात आम्ही सांगलीहून रत्नागिरीला वन्संकडे निघालो होतो. आमची स्विफ्ट, ऐंशी हजार किलोमीटर कधीच उलटून गेलेली. मलकापूरपर्यंत सासूबाई कमरेखाली उशी घेऊन गुपचूप बसल्या होत्या. आंबा घाटात एका वळणावर रस्ता उखडलेला होता, वर पाऊस. वेग फार नव्हता. पण त्या उखडलेल्या तुकड्यावर मागची चाकं थडथडली आणि गाडीचा मागचा भाग चक्क बाजूला सरकला. हात-दीड हात असेल. समोरून काही येत नव्हतं, म्हणून आज हे लिहिते आहे. ह्यांनी गाडी सावरली, कोणी काही बोललं नाही. साखरप्याला चहाला थांबलो तेव्हा हे म्हणाले, ‘‘रस्ता निसरडा होता.’’ मी गप्प बसले. पण मनात म्हटलं, निसरडा तर पुढच्या चाकांनाही होता.

घरी आल्यावर मी हे प्रकरण समजून घेतलं. ते असं आहे.

आपल्या सगळ्यांची पहिली चूक म्हणजे, गाडीचं वजन शॉकअप पेलतो असं आपण समजतो. वजन पेलते ती स्प्रिंग. शॉकअपचं काम स्प्रिंगला आवरायचं. झोपाळा आठवा. एकदा झोका दिला की तो आपला येतच राहतो, जातच राहतो. थांबवायचा तर आपण काय करतो? पाय जमिनीला घासतो. गाडीत स्प्रिंग म्हणजे झोपाळा आणि शॉकअप म्हणजे तो घासणारा पाय. त्याच्या नळकांड्यात तेल भरलेलं असतं आणि त्यात दट्ट्या वरखाली होतो. दट्ट्याला बारीक वाटा ठेवलेल्या असतात. त्यांतून तेल जोर लावूनच जावं लागतं. सायकलच्या पंपाचं तोंड अंगठ्यानं दाबून बघा, तसाच विरोध. हलण्याचा जोर असा तेलाच्या उष्णतेत जिरतो.

आता तेल झिरपलं किंवा आतल्या झडपा झिजल्या, की पाय घासणारं कोणी उरत नाही. खड्डा गेला तरी गाडी मागे डोलतच राहते. म्हणून पोरांना मळमळतं. पण त्याहून वाईट म्हणजे चाकही जमिनीवर टिकून राहत नाही, चेंडूसारखं उडत राहतं. चाक हवेत असताना ब्रेक कितीही दाबा, ते चाक काय थांबवणार? वळणावर तर ते बाजूलाच सरकणार. आंबा घाटात आमचं झालं ते हेच. कंबरदुखी ही तक्रार आहे, मैत्रिणींनो. धोका आहे तो ब्रेकचा आणि वळणाचा. घरी सांगताना कमरेचं सांगू नका, ब्रेकचं सांगा. लवकर ऐकलं जातं!

गॅरेजला जाण्यापूर्वी दारातच करून बघण्याच्या दोनतीन गोष्टी आहेत, त्याला मेकॅनिक लागत नाही. गाडी सपाट जागी उभी करा. डिकीच्या एका कोपऱ्यावर दोन्ही हातांनी चांगला जोर देऊन दाबा आणि सोडा. गाडी वर येऊन जागच्या जागी बसली तर ठीक. पुन्हा खाली, पुन्हा वर, अशी डोलत राहिली तर त्या बाजूचा शॉकअप गेला. मग दुसरा कोपरा. मात्र ही परीक्षा पास झाली म्हणून निर्धास्त होऊ नका, अर्धवट झिजलेला शॉकअप यात सुटून जातो.

म्हणून वाकून मागच्या चाकाच्या आतल्या बाजूला बॅटरीचा उजेड टाका. शॉकअपचं नळकांडं धुळीनं माखलेलं असणारच. धूळ कोरडी असेल तर चांगलं. वरून खाली तेलाचा ओघळ आणि त्यावर चिकट काळा थर दिसला तर आणखी पुरावा नको. तिसरी गोष्ट टायरची. गाडी उभी असताना टायरच्या नक्षीवरून तळवा सगळीकडे फिरवा. जात्याला टाकी लावल्यासारखे उंचवटे-खळगे हाताला लागले, तर ते चाक उडत उडत चाललं आहे असं समजा. बॅलन्सिंग बिघडलं तरी असं होतं, पण तेलाचा ओघळही असेल तर शंका नको. आणि टायरची किंमत तुम्हांला ठाऊक आहेच.

आता त्या अठरा हजारांकडे वळू. शॉकअप नेहमी जोडीनं बदलावेत, हे गॅरेजवाला म्हणतो ते बरोबर. पण जोडी म्हणजे मागचे दोन किंवा पुढचे दोन. एक नवा, एक जुना घातला तर गाडी एका अंगाला वेगळी वागते. मागचे गेले म्हणून पुढचेही गेलेच, असा नियम नाही. तेही तपासून ठरवावं.

स्प्रिंगांचं तर शिंप्याची टेप घेऊन घरीच बघता येतं. रिकामी गाडी, सपाट जमीन, चारही टायरांत हवा बरोबर. चाकाच्या मध्यापासून वरच्या कमानीच्या कडेपर्यंत मोजा, डावीकडे आणि उजवीकडे. दोन्हीकडचा आकडा जवळजवळ सारखा आला, गाडी मागून बसकी दिसत नसली आणि स्प्रिंगेचा वेटोळा कुठे तुटलेला नसला, तर स्प्रिंगा बदलायचं काय कारण, ते त्याला विचारा. उत्तर त्यालाच देऊ द्या. आमच्याकडे पहिल्या गॅरेजवाल्यानं उत्तर दिलं, ‘‘ताई, करतोय तर सगळंच करून टाकू.’’ आम्ही नमस्कार करून दुसरीकडे गेलो.

उलट गाडी खरोखरच मागून बसली असेल, तर नवे शॉकअप घालून ती वर येणार नाही. ज्यांनी मागाहून सीएनजी बसवलंय त्यांनी हे ध्यानात ठेवावं. डिकीतली लोखंडी टाकी कायम तिथेच असते, गाडी रिकामी असली तरी. तिथे दुखणं स्प्रिंगेचं, आणि औषधही स्प्रिंगेचंच.

खरेदीला जाताना गाडीचं मॉडेल, वर्ष आणि पेट्रोल-डिझेल एवढं कागदावर लिहून न्या. ‘स्विफ्टचे द्या’ म्हणून भागत नाही, एकाच नावाच्या गाडीत वर्षागणिक सामान बदलतं. जमलं तर आरसीची झेरॉक्सच न्या. गाडीच्या कंपनीच्या डब्यातला माल घ्या किंवा नावाजलेल्या शॉकअप कंपनीचा. गॅब्रिएल हे नाव तर आपल्याकडे जुनं, १९६१ पासूनचं. तेल भरलेला घ्यावा की गॅसचा, हा प्रश्न दुकानदार विचारतो. गॅसच्या शॉकअपमध्येही तेल असतंच. वर नायट्रोजन भरलेला असतो, त्यामुळे खराब रस्त्यावर सतत हलून तेलाला फेस येत नाही. फेसाळलेलं तेल विरोध करत नाही, आपल्या ताकासारखंच की. वारंवार घाट, खराब रस्ता आणि भरलेली गाडी असेल तर गॅसचा बरा. गाडी किंचित कडक वाटते. गावातल्या गावात बाजार आणि शाळा असेल तर साधा पुरतो. पण तुमच्या गाडीत मुळात गॅसचा असेल तर गॅसचाच घाला.

एक करू नका. जुन्यालाच भोक पाडून तेल भरून, रंग मारून ‘रीकंडिशन’ करून देणारे असतात. चकचकीत दिसतो. आतल्या झिजलेल्या झडपा आणि सील मात्र त्याच. डब्यावर छापील किंमत बघा आणि पक्कं बिल घ्या.

शॉकअपबरोबर दोन लहान वस्तू मागून घ्या, पुष्कळदा त्या डब्यात नसतात. एक बफर, म्हणजे दट्ट्याच्या दांडीवर ओवलेला फोम किंवा रबराचा ठोकळा, आणि दुसरं त्यावरचं धुळीचं टोपण. जुना बफर बोटात धरला की शिळ्या भाकरीसारखा भुगा होतो. तो नसला तर मोठ्या खड्ड्यात नव्या शॉकअपला थेट मार बसतो. पैसे किरकोळ, पण तेवढ्यासाठी सगळं पुन्हा उघडावं लागतं.

आता काम. पाना मी हातात घेतला नाही, घ्यायलाही सांगत नाही. रस्त्यावर चाक बदलायच्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली हात घालणं म्हणजे जिवाशी खेळ. पण खुर्ची घेऊन समोर बसले, आणि तुम्हीही बसा. आमच्या गाडीसारख्या बहुतेक छोट्या गाड्यांत मागे स्प्रिंग वेगळी, शॉकअप वेगळा, त्यामुळे दोन्ही बाजू मिळून तास-दीड तासाचं काम. (काही गाड्यांत स्प्रिंग शॉकअपवरच बसवलेली असते. तिला वेगळं अवजार लावून दाबावं लागतं. तिथे गॅरेज निवडून घ्या.)

काय बघायचं? गाडी घोड्यांवर ठेवली की मागच्या चाकांना जोडणाऱ्या आडव्या दांड्याखाली दुसरा जॅक लावला पाहिजे. नाहीतर शॉकअप सुटताच तो दांडा खाली लोंबतो, स्प्रिंग निसटते आणि ब्रेकच्या रबरी नळीला ताण बसतो. नवा शॉकअप बसवण्यापूर्वी उभा धरून चारपाच वेळा दाबून-ओढून घ्यावा, आडवा पडून आत शिरलेली हवा निघते. वरचा नट आवळताना दांडी फिरते, तेव्हा ती चकचकीत दांडी पकडीनं धरू देऊ नका! एक ओरखडा पडला की तो वरखाली होताना सील फाडतो आणि सहा महिन्यांत तेल बाहेर. आमच्या फिटरच्या हातात पकड बघून मी ‘‘अहो भाऊ, थांबा’’ म्हटलं, तेव्हा हे चमकून माझ्याकडे बघायला लागले. फिटर मात्र हसला आणि दुसरा पाना घेऊन आला.

शेवटची गोष्ट चांगल्या फिटरांकडूनही राहते. खालचा बोल्ट आधी नुसता बेताचा लावायचा, आणि गाडी जमिनीवर येऊन तिचं वजन चाकांवर पडलं की मग पक्का आवळायचा. चाकं लोंबत असतानाच आवळला तर त्यातला रबरी बुश कायमचा पिळलेला राहतो आणि लवकर फाटतो. मग खटखट आवाज येतो आणि दोष नव्या शॉकअपवर.

अशा गाडीत नुसते मागचे शॉकअप बदलल्यावर अलाइनमेंट करावं लागत नाही. बिलात तो आकडा दिसला तर कशाबद्दल, ते विचारा. आमचं जोडी, बफर, टोपणं आणि मजुरी मिळून साडेचार हजारांच्या आत भागलं. परत येताना मी मुद्दाम पुढे बसले आणि ह्यांना मागे बसवलं, भाचा गाडी चालवत होता. विश्रामबागच्या चौकाअलीकडच्या गतिरोधकावर मी मागे वळून बघितलं. हे म्हणाले, ‘‘काय? काहीच जाणवलं नाही.’’ या खेपेला ते खरं होतं.

इचलकरंजीच्या भगिनींनी टायरवरून हात फिरवून आणि टेपनं मोजून काय निघालं ते जरूर कळवावं. आणि तोवर सासूबाईंना पुढे बसवा, मामंजींना चार दिवस मागे बसू द्या.