सुकेळी म्हणे लोप पावली!

वसईच्या सुकेळ्यांविषयी हळहळणारे मजकूर हल्ली वरचेवर वाचनात येतात. सूर ठरलेला: लोकांची रुची पालटली आणि सुकेळी काळाच्या पडद्याआड गेली. हे कारण सोयीचे आहे, खरे नाही. ज्या मुंबईत परदेशी खजूर, अंजीर, जर्दाळू चढ्या भावाने खपतात, तेथे उन्हात वाळवलेले गोड फळच तेवढे नकोसे झाले?

सुकेळे म्हणजे केळ्याचे वेफर नव्हेत. (त्या तळणाला सुकेळे म्हणणाऱ्यांशी वाद घालण्यात अर्थ नाही.) त्यासाठी राजेळीच हवी, लांब, जाड, घट्ट गराची. पावसाळा सरल्यावर पिकलेली फळे सोलून उन्हात मांडायची, संध्याकाळी गोळा करून केळीच्या वाळल्या पानांत झाकायची, सकाळी पुन्हा उन्हात. असे सुमारे आठवडाभर. रात्रीच्या उबेत फळ पाझरते, दिवसा आटते आणि हळूहळू मधाच्या रंगावर येते. साखर नाही, तेल नाही. मधेच आभाळ भरून आले, तर सगळा माल बुरशीच्या स्वाधीन.

हा घरगुती विरंगुळा नव्हता. ब्रिटिश काळातील गॅझेटिअरांत आगाशीची केळी, ओली आणि सुकी दोन्ही, ठाणे जिल्ह्यात उत्तम म्हणून नोंदवली आहेत. यामागचे अर्थकारण साधे होते. ओले केळे चार दिवसांत विकावेच लागते, म्हणून व्यापारी म्हणेल तो भाव. सुके केळे बागायतदाराला थांबण्याची मुभा देते.

मग बिघडले कोठे? विहिरीत. राजेळीला बारमाही पाणी लागते. वसईच्या ज्या विहिरींवर रहाट चालत, त्यांचे पाणी टँकरने बांधकामांकडे जाऊ लागले. उपसा वाढला, तसा समुद्राचा खारेपणा आत शिरला. त्यातच बागांच्या जमिनीचा भाव बागेच्या उत्पन्नाच्या कितीतरी पुढे गेला. फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्या पुढाकाराने उभे राहिलेले हरित वसईचे आंदोलन पाणी आणि जमीन याच प्रश्नांवर लढले. त्याचा उल्लेखही न करता सुकेळ्यांवर उसासे टाकणे ही इतिहासाशी प्रतारणा आहे.

आता कोणी म्हणतात, भौगोलिक मानांकन घ्या. जळगावच्या केळ्याला ते २०१६ मध्ये मिळाले, कारण तेथे मानांकन लावायला बागा उभ्या आहेत. वसईत मोजकी कुटुंबे आजही सुकेळी करतात. त्यांना प्रमाणपत्राआधी गोड्या पाण्याची विहीर हवी आहे.