‘शक्यतो’ या शब्दाचा बळी

भूक न्यायालयाच्या तारखा पाळत नाही. अंतरिम पोटगीच्या अर्जाचा निकाल नोटीस बजावल्यापासून ‘शक्यतो’ ६० दिवसांत लागावा, ही तरतूद फौजदारी प्रक्रिया संहितेत २००१ साली आली. २०२४ पासून अमलात आलेल्या नागरिक सुरक्षा संहितेतही ती कायम आहे. परंतु ‘शक्यतो’ या एका शब्दाने ती पोखरली आहे. २०१३ साली उद्भवलेला असाच एक वाद सर्वोच्च न्यायालयात निकालात निघाला तो २०२० साली! त्या निकालाने उभय पक्षांना मिळकतीचे प्रतिज्ञापत्र सक्तीचे केले, पोटगी अर्जाच्या तारखेपासून देय ठरविली. हे स्वागतार्हच आहे. पण नोकरदाराचा पगार पगारपत्रकावर दिसतो. व्यापाऱ्याचा, कंत्राटदाराचा रोखीचा नफा कोणत्या कागदावर दिसणार? तो हुडकण्याचा भार अखेर निष्कांचन स्त्रीवरच पडतो. सात वर्षांनी मिळणारी थकबाकी आजची चूल पेटवीत नाही. उपासमार तिला अपमानास्पद तडजोडीस भाग पाडते. विलंब हे धनवान पतीचे भांडवलच होय.

म्हणून ६० दिवसांची मुदत बंधनकारक झाली पाहिजे. उत्पन्न दडविणाऱ्याचे उत्पन्न त्याच्या राहणीवरून ठरविले पाहिजे. पोटगी ही भीक नव्हे. वर्षानुवर्षे बिनमोल राबलेल्या श्रमांचा तो हक्क आहे. कार्यकर्त्यांनी ही मागणी गावोगाव नेलीच पाहिजे.